घाई नडत्या भावा

प्रश्न: ताई, मी कागलचा, एमपीएससी करतोय. दोस्त सगळे पुण्यात सेटल झाले, मी अजून अभ्यासिकेतच, डोकं फिरतंय, काय करू?

उत्तर: आरं भावा, तुमच्याकडं गुऱ्हाळं हायत न्हवं, एकदा काहिलीजवळ, म्हंजे रस आटवायच्या मोठ्या कढईजवळ, उभा राहून बघ. रसात भेंडीचं पाणी घालून वर आलेली मळी काढत बसावं लागतं, जाळ वाढवून उरकायला गेलं की गूळ करपतो, गूळ करणारा गुळव्या पाण्यात थेंब टाकून गोळी धरते का बघतो मगच काहील उतरवतात, आणि आडसाली ऊस त्याआधी दीडेक वर्ष रानात उभा असतोय ते वेगळंच. पण नुसतं ताटकळत बसू नको हां! वयाची लिमिट बघून ठेव, सोबत पार्टटाइम कायतरी धर, आणि दोस्तांचे स्टेटस म्यूट करून टाक.