आल्वारा, एम्प्रेसारिओ आणि पन्नास व्हारांचा दोर : वाचकांचे प्रश्न

गेल्या अंकात मेक्सिकोच्या अमलाखालच्या टेक्सास, कॅलिफोर्निया आणि न्यू मेक्सिकोतल्या जमीनवाटपावर लेख होता. त्यावर आलेल्या पत्रांत गोव्यातल्या सत्तरी, डिचोली आणि सांगेतली पत्रे सर्वांत जास्त निघाली. ज्यांच्या घरात अजून आल्वाराचे, म्हणजे पोर्तुगीज सरकारने दिलेल्या जमिनीच्या पट्ट्याचे, पिवळे पडलेले कागद जपून ठेवलेले आहेत, त्यांना हा विषय परका वाटला नाही. निवडक प्रश्नांची उत्तरे येथे देत आहोत.

प्रश्न (वाळपई): एम्प्रेसारिओला हजारो एकर मिळत, असे लेखात होते. म्हणजे तो आमच्या मोकासदारासारखा (सरकारी देणगीने जमीन मिळालेला जमीनदार) जमिनीचा धनी होता का?

नाही, आणि बहुतेकांची गफलत इथेच होते. एम्प्रेसारिओ हा वसाहत वसवण्याचा ठेकेदार. मेक्सिकोचा केंद्रीय वसाहत कायदा 18 ऑगस्ट 1824 चा. त्याखाली कोआविला-टेक्सास या राज्याने मार्च 1825 मध्ये स्वतःचा कायदा केला. ठरलेल्या हद्दीत 6 वर्षांत किमान 100 कुटुंबे आणून बसवायची, हा करार. 100 सुद्धा आणली नाहीत तर करार रद्द. हद्द केवढीही मोठी असली तरी तिच्यातली जमीन सरकारचीच राही. कुटुंबाला मालकी मिळे ती सरकारने नेमलेल्या कमिशनरच्या सहीने. एम्प्रेसारिओचे काम माणूस पारखून दाखला देण्याचे.

त्याला बक्षीस मिळे ते वेगळे: दर 100 कुटुंबांमागे 5 लीग चराऊ आणि 5 लाबोर पिकाऊ जमीन (ही मापे पुढच्या उत्तरात), म्हणजे सुमारे 23,000 एकर. हे बक्षीस जास्तीत जास्त 800 कुटुंबांपर्यंतच.

स्टीफन ऑस्टिन या एम्प्रेसारिओला हा फरक कळला होता, तरी त्यानेही सुरुवातीला वसाहतकऱ्यांकडून एकरी साडेबारा सेंट घेण्याचे ठरवले होते. तक्रारी झाल्या आणि सरकारने तो आकार मोडून 1824 मध्ये फीचा वेगळा तक्ता लावून दिला. हेडन एडवर्ड्सला मात्र हा फरक कळलाच नाही. त्याला 1825 मध्ये नाकोगदोचेसच्या परिसरात 800 कुटुंबांचा करार मिळाला. गेल्यागेल्या त्याने नोटीस लावली की जुन्या रहिवाशांनी कागद दाखवावेत, नाहीतर जमीन जाईल. ती माणसे कित्येक वर्षांपासून तिथे नांदत होती. कागद थोड्यांकडेच होते, पण वहिवाट सगळ्यांची होती, आणि जुने हक्क राखण्याची अट एडवर्ड्सच्या करारातच होती. 1826 मध्ये सरकारने त्याचा करार काढून घेतला, डिसेंबरात तिथे बंड झाले आणि काही आठवड्यांत ते विरलेही.

प्रश्न (फोंडा): एक लीग म्हणजे आमच्या हिशेबाने किती? आणि त्या काळी एवढी जमीन मोजली कशी?

लांबीचे माप व्हारा. टेक्सासात एक व्हारा म्हणजे 33⅓ इंच, साधारण 84.7 सेंटिमीटर. बाजू 5,000 व्हारांची असा चौकोन म्हणजे एक लीग, स्पॅनिशमध्ये सिटिओ: 4,428 एकर, म्हणजे जवळजवळ 1 कोटी 79 लाख चौरस मीटर. बाजू 1,000 व्हारांची असेल तर तो लाबोर, 177 एकर. सगळा गोवा 3,702 चौरस किलोमीटरचा, म्हणजे 207 लीगांचा. पुढचे आकडे वाचताना हे माप मनात ठेवावे.

टेक्सासात होकायंत्र, साखळी आणि कोपऱ्याजवळच्या झाडांवर कोरलेल्या खुणा असत. कॅलिफोर्नियातली रीत अधिक ढोबळ. ताबा देण्याच्या दिवशी आल्काल्दे, म्हणजे गावचा न्यायाधिकारी, शेजारच्या जमीनधारकांना बोलावून घेई. दोन दोरकऱ्यांना शपथ दिली जाई. सगळ्यांच्या देखत 50 व्हारांचा दोर मोजून त्याची दोन टोके दोन खुंटांना बांधत आणि दोघे घोड्यावर बसत. मागचा स्वार खुंट जमिनीत रोवून धरी, पुढचा दोर ताणेपर्यंत घोडा पळवी आणि आपला खुंट रोवी. मग मागचा त्याला ओलांडून पुढे जाई. एक बाजू पुरी व्हायला असे 100 दोर. शेवटी नवा धनी मूठभर गवत उपटी, माती-दगड चारी दिशांना फेकी, आणि मग ताब्याचा कागद लिहिला जाई.

चूक कुठे शिरते तेही पाहा. कातड्याचा दोर सकाळच्या दवात भिजला की सैल पडून लांबतो. पन्नासाला अर्धा व्हारा वाढला, तर 5,000 ची बाजू 5,050 होते आणि लीगमागे 89 एकर जास्त येतात. चढउतारावर दोर जमिनीला लागून जातो, त्यामुळे नकाशावरचे अंतर कमी भरते. नदी, दलदल, डोंगर आडवा आला की अंदाजाने आकडा घालत. शिवाय कागदात "थोडे कमी-जास्त" हे शब्द असतच. 1840 च्या सुमारास जमीन गुरांसाठी होती आणि शेजारी चार-पाच मैलांवर, तेव्हा हे चालून गेले. 1850 नंतर तीच जमीन शहराची झाली आणि त्या शब्दांवर खटले उभे राहिले.

प्रश्न (मडगाव): न्यूयॉर्कमध्ये टेक्सासच्या जमिनीच्या "चिठ्ठ्या" विकल्या गेल्या म्हणतात. लोक फसले कसे?

त्या चिठ्ठ्यांना स्क्रिप म्हणत. डेव्हिड बर्नेट, लोरेन्सो दे साव्हाला आणि जोसेफ वेलाइन या तिघांचे एम्प्रेसारिओ करार ऑक्टोबर 1830 मध्ये गॅल्व्हेस्टन बे अँड टेक्सास लँड कंपनीने हाती घेतले. मग एकरी 1 ते 10 सेंट दराने 75 लाख एकरांची स्क्रिप बाजारात आली. आपले आठ गोवे बसतील एवढी ही जमीन.

छापील चिठ्ठीवरचा मजकूर मोठा, अर्थ एवढाच: धारकाने तिथे जाऊन वस्ती करावी आणि जमिनीसाठी अर्ज करावा. तो अर्ज फुकटही करता येई! समजा, कुणी 177 एकरांच्या लाबोरसाठी 5 सेंट दराने चिठ्ठी घेतली. 8 डॉलर 85 सेंट गेले. राज्याची स्वतःची फी कोरडवाहू लाबोरला अडीच पेसो, ओलिताच्या लाबोरला साडेतीन, आणि तीही चौथ्या, पाचव्या व सहाव्या वर्षी हप्त्याने. पेसो आणि डॉलर तेव्हा जवळपास सारखेच. म्हणजे सरकारी फीच्या तिप्पट रक्कम त्याने अशा माणसाला दिली, ज्याच्या नावावर ती जमीन नव्हतीच. सरकारी फी, मोजणीदार, कमिशनर आणि स्टांपाच्या कागदाचा खर्च पुढे उभाच.

त्यात 6 एप्रिल 1830 च्या कायद्याने अमेरिकेतून येणाऱ्यांना टेक्सासात वसायला बंदी घातलेली होती, आणि ही कंपनी त्यानंतर सहा महिन्यांनी निघाली. ते कलम उठले ते 1834 मध्ये. शिवाय अमेरिकेच्या सरहद्दीपासून 20 लीग (इथे लीग हे लांबीचे माप) आणि समुद्रकिनाऱ्यापासून 10 लीग हा पट्टा केंद्र सरकारच्या खास मंजुरीवाचून परक्यांना देता येत नसे, आणि या तिघांच्या करारांचा बराच प्रदेश त्याच बाजूला होता.

तरी घेणाऱ्यांना मूर्ख म्हणू नये. अमेरिकेत 1820 पासून सरकारी जमीन एकरी सव्वा डॉलर, रोख, किमान 80 एकर असा नियम होता. एका लीगला तिथे साडेपाच हजार डॉलर पडले असते, टेक्सासात राज्याची फी 30 पेसो. एवढ्या तफावतीपुढे कर्जात बुडालेला शेतकरी चिठ्ठीवरचा बारीक मजकूर वाचायला थांबत नाही.

प्रश्न (म्हापसा): जमीन हवी तर कॅथलिक व्हावे लागे, हे खरे का?

नियमाने हो. राज्याच्या कायद्यात ख्रिस्ती धर्म आणि चांगली चालचलणूक यांचा दाखला मागितलेला आहे आणि देशाचा धर्म कॅथलिकच होता. व्यवहारात सरहद्दीवर पाद्रीच इतके थोडे होते की फार चौकशी होत नसे.

प्रश्न (पेडणे): एका माणसाला कमाल मर्यादा होती, तर मोठमोठे सट्टे कसे झाले?

1824 च्या कायद्याने एका हाती 11 लीगांहून जास्त जमीन ठेवायला मनाई होती: 1 ओलिताची, 4 कोरडवाहू, 6 चराऊ. अकरा लीग म्हणजे 197 चौरस किलोमीटर, आपल्या तिसवाडी तालुक्याहून जरा कमी. टेक्सासात ही मर्यादा दोन वाटांनी मोडली गेली.

पहिली वाट नाव दुसऱ्याचे, पैसा आपला. राज्य 11 लीगपर्यंतची जमीन विकत देई ती फक्त मेक्सिकन नागरिकांना. चराऊ लीगचा दर 100 पेसो. जेम्स बोवी या सटोडियाने 1830 च्या सुमारास पंधरा-सोळा मेक्सिकनांना अर्ज करायला लावून त्यांच्याकडून हक्क विकत घेतले. ज्यांच्याकडे कुळांच्या किंवा नातलगांच्या नावावर जमिनी फिरल्या आहेत, त्यांना हे समजावून सांगायला नको.

दुसरी वाट थेट विधिमंडळाची. राज्याची तिजोरी रिकामी होती. मोंक्लोव्हा येथील विधिमंडळाने 14 मार्च 1835 च्या कायद्याने 400 लीग विकायला काढले. गोव्याच्या जवळजवळ दुप्पट जमीन, आणि ती गेली मोजक्या सटोडियांच्या हाती. टेक्सास फुटून निघाल्यावर 1836 च्या त्यांच्या राज्यघटनेत हा कायदा आणि न्यूयॉर्कच्या जॉन मेसनसाठीचा 1834 चा कायदा, दोन्ही नावानिशी रद्द केले आहेत. या दोहोंखाली एकूण 1,100 लीगांवर दावे होते. रद्द करताना दाखवलेले कारण मेक्सिकोच्याच 1824 च्या कायद्याचा भंग हे आहे. ज्या देशाविरुद्ध बंड केले त्याच्याच कलमांचा आधार घ्यावा लागला, कारण साध्या वसाहतकऱ्याच्या लीगचा आधारही तेच कायदे होते.

तिसरा प्रकार न्यू मेक्सिकोचा. 1841 मध्ये गव्हर्नर आर्मिहो याने बोबिएन आणि मिरांदा या दोघांना जमीन दिली. दोघांचे मिळून 22 लीग, म्हणजे 97,000 एकर धरले पाहिजेत. कागदावर क्षेत्रफळ नव्हते, फक्त नद्या, टेकड्या आणि पठारांच्या खुणा होत्या. पुढे ती मॅक्सवेल ग्रँट या नावाने विकली गेली आणि मोजणीत 17,14,765 एकर भरली, आणि अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने 1887 मध्ये ती कायम केली. तिथे आधीपासून कसणाऱ्यांना बाहेर काढताना माणसे मेली.

प्रश्न (साखळी): कॅलिफोर्नियात खरे कागद असूनही लोकांच्या जमिनी गेल्या. का?

कॅलिफोर्निया आणि न्यू मेक्सिको अमेरिकेकडे गेले ते 1848 च्या ग्वादालुपे इदाल्गो तहाने; त्या तहाने जुन्या मालमत्तेला संरक्षण दिले, पण जमीनदानांविषयीचे दहावे कलम अमेरिकन सिनेटने गाळले. मग 1851 च्या कायद्याने पुराव्याचा भार धारकावर टाकला. 2 वर्षांत आयोगापुढे दावा लावायचा, नाही लावला तर जमीन सरकारजमा. 813 दावे आले, 604 मान्य झाले. आकडा चांगला दिसतो. पण आयोगानंतर जिल्हा न्यायालय, मग सर्वोच्च न्यायालय, मग नवी मोजणी, असे करत पक्का पट्टा हाती यायला सरासरी 17 वर्षे लागली. तोवर वकिलाची फी जमिनीच्या हिश्शाने दिली जाई, उरलेल्यावर भारी व्याजाचे गहाण. त्यात 1862 ते 1864 चा दुष्काळ येऊन गुरे मेली आणि व्याज भरायचे साधनच गेले. पट्टा आला तेव्हा तो घेणारा बहुधा दुसराच होता.

खोटे दावेही होते, त्यामुळे न्यायालये खऱ्यालाही खडसावून पाहत. लिमांतूर नावाच्या व्यापाऱ्याने सॅन फ्रान्सिस्को शहरातल्या 4 लीगांवर हक्क सांगितला. घरे बांधून बसलेल्या लोकांनी धास्तीने पैसे देऊन त्याच्याकडून हक्कसोड लिहून घेतली. आयोगाने 1856 मध्ये त्याचा दावा मान्य केला, 1858 मध्ये न्यायालयाने तो बनावट ठरवला. त्याच्या कागदांवरचा शिक्का आणि दप्तरातल्या अस्सल कागदांवरचा शिक्का जुळत नव्हते. ते दाखवायला न्यायालयात छायाचित्रे मांडली गेली.

प्रश्न (साष्टी): तिकडे आमच्या गावकरीसारखी सामायिक जमीन होती का?

न्यू मेक्सिकोत होती. घर आणि शेताचा तुकडा प्रत्येकाचा. रान, चराई आणि जळणाचा डोंगर सगळ्यांचा. सान मिगेल देल वादो हे गाव 1794 च्या स्पॅनिश दानाचे. त्याचा दावा 3,15,000 एकरांचा. 1897 मध्ये सांदोव्हाल खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ठरवले की वाटून न दिलेली सामायिक जमीन गावाची नव्हे, राजाची होती, आणि म्हणून आता ती अमेरिकन सरकारची. गावाकडे सुमारे 5,000 एकर उरले. रान गेले आणि मेंढरे पाळून जगणारी घरे उठली.

आपल्याकडे 1526 च्या फोरालात, म्हणजे पोर्तुगिजांच्या सनदेत, गावकरांचे रिवाज लिहून काढले गेले. पोर्तुगिजांनी पुढे त्यात कितीही ढवळाढवळ केली, तरी कोमुनिदाद, म्हणजे गावकरी संस्था, ही जमिनीची धनी आणि जोणकार, म्हणजे उत्पन्नाचा वाटा घेणारा, तिचा हिस्सेदार, हे कागदावर राहिले. सान मिगेलच्या लोकांकडे रीत होती, पण धनी कोण हे लिहिलेले एक वाक्य नव्हते.

प्रश्न (पणजी): विद्यार्थिनी आहे. अशी जुनी फाइल वाचायला घेतली तर आधी काय पाहावे?

कॅलिफोर्नियाच्या खटल्यांची कागदपत्रे बर्कलीच्या बँक्रॉफ्ट ग्रंथालयात आहेत, टेक्सासची स्पॅनिश दप्तरे ऑस्टिनच्या जनरल लँड ऑफिसात. फाइलला एक्स्पेदिएन्ते म्हणतात. तिच्यात क्रमाने अर्ज, दिसेन्यो म्हणजे हातचा नकाशा, स्थानिक अधिकाऱ्याचा अहवाल, गव्हर्नरचा हुकूम, विधिमंडळाची मंजुरी आणि शेवटी ताब्याचा कागद असावा. आधी तारखा एका कागदावर उतरवून काढा. ताबा हुकुमाच्या आधीचा निघाला किंवा अहवालच नसेल, तर तिथे थांबून कारण शोधा. मग स्टांपाच्या कागदावर छापलेले वर्ष आणि मजकुराची तारीख जुळवा. जुना साठा पुढे वापरत, पण त्यावर नव्या मुदतीसाठी चालू केल्याचा शेरा असतो, तो पाहा. धारकाला मिळे ती नक्कल, तेस्तिमोनिओ. मूळ प्रत दप्तरात राही. नक्कल आहे आणि मूळ नाही, असे पुष्कळदा दिसेल. तेवढ्यावरून कागद खोटा ठरत नाही. दिसेन्योवर मापाची अपेक्षा ठेवू नका. त्यातली झाडे, झरे, शेजाऱ्यांची नावे टिपून घ्या आणि तीच नावे ताब्याच्या कागदातल्या साक्षीदारांत शोधा.