जुन्या चित्रपटाची चिरफाड कशासाठी?

प्रश्न : आमच्या चित्रपट मंडळात अमेरिकी दिग्दर्शक ग्रिफिथ यांचा १९१५ सालचा ‘द बर्थ ऑफ अ नेशन’ पाहिला. गोऱ्या नटांनी चेहरे काळे रंगवून केलेल्या कृष्णवर्णीयांच्या भूमिका पाहवल्या नाहीत. असे चित्रपट बाद करण्याऐवजी काही प्रयोगशील दिग्दर्शक त्यांचीच मोडतोड का करतात?
– एक वाचक, गंगापूर रोड, नाशिक

उत्तर : चित्रपट बाद केला, तरी त्याने रुजवलेल्या प्रतिमा इतर चित्रपटांतून फिरतच राहतात, म्हणून हे दिग्दर्शक मूळ फिल्मलाच हात घालतात. अमेरिकी कलावंत राफाएल मोंतान्येझ ऑर्टिझ यांनी १९५० च्या दशकाच्या उत्तरार्धात ‘विंचेस्टर ७३’ या वेस्टर्नपटाची (अमेरिकी काउबॉयपटाची) १६ मिलिमीटरची प्रत कुऱ्हाडीने तोडली, तुकडे पिशवीत घालून हलवले आणि हाताला येतील तसे, काही चक्क उलटे, जोडले. गोरा नायक आणि हल्लेखोर अमेरिकी मूलनिवासी ही मांडणी कथेच्या ओघातच पटते; ओघ तुटला की तिचा आधारच जातो. (संकलनाची ही ताकद फाळक्यांच्या नाशिककरांना वेगळी सांगायला नको.)

आपण पाहिलेल्या चित्रपटाची अमेरिकी संगीतकार डीजे स्पूकी यांनी २००४ मध्ये तीन पडद्यांवर, नव्या संगीतासह ‘रीबर्थ ऑफ अ नेशन’ या नावाने फेरमांडणी केली. मला ती ऑर्टिझ यांच्या प्रयोगापेक्षा सौम्य वाटते, कारण कू क्लक्स क्लॅन या गोऱ्या वर्णद्वेष्ट्यांच्या हिंसक संघटनेच्या घोडेस्वारांना तारणहार ठरवणाऱ्या ग्रिफिथ यांच्या संकलनाची मोहिनी तिच्यातही बरीच शिल्लक राहते. मंडळाने ग्रिफिथ आणि स्पूकी यांच्या कृतींतील घोडदौडीची दृश्ये एकाच संध्याकाळी दाखवावीत, मात्र मूळ दृश्य आधी.