जुनी रिक्षा घ्यावी की मागावरच राहावं?

तुमचं पत्र मिळालं. येरवड्यात शिक्षा भोगून तुम्ही सोलापुरात परतलात. अक्कलकोट रोड एमआयडीसीत टॉवेलच्या मागावर आठवड्याला 3,500 रुपये रोख पडतात, आई विडी घरकुलात अजून विड्या वळते, आणि शिल्लक आहे 90,000. आता 1 लाख 80 हजारांची जुनी रिक्षा बघितलीय, उरलेली रक्कम ओळखीचा एक जण शेकडा पाचनं देतोय.

माझं मत स्पष्ट आहे: हा व्यवहार करू नका.

पहिली अडचण बॅजची. प्रवासी रिक्षा चालवायला लागणाऱ्या बॅजसाठी (चालकाच्या बिल्ल्यासाठी) पोलिसांची चारित्र्य पडताळणी होते. शिक्षा झालेल्या माणसाला तो मिळेलच असं धरून चालता येत नाही. रिक्षा दारात उभी आणि व्याज मात्र चालू, अशी गत नको. अर्ज आजच टाका, पण बॅज हातात पडेपर्यंत इसारसुद्धा देऊ नका.

महिन्याला शेकडा पाच म्हणजे वर्षाला 60 टक्के. महिन्याला 4,500 नुसतं व्याजात जाणार, मुद्दल जागच्या जागी. पण त्याहून खटकलं ते तुमचं एक वाक्य, की हा माणूस ‘पहिल्या दिवसांतला’ आहे, म्हणजे तुरुंगाआधीच्या ओळखीतला. हप्ता थकला तर तो पैसे मागेल, की एखादं काम सांगेल? याचं उत्तर माझ्यापेक्षा तुम्हाला जास्त ठाऊक.

मजुरी रोख मिळते म्हणून बँकेच्या लेखी तुमची कमाई शून्य. पगार झाला की आधी खात्यात भरा, मग लागेल तसा काढा. सहा महिन्यांचं पासबुक तयार झालं की मुद्राच्या ‘शिशु’ गटात 50,000 पर्यंत विनातारण कर्ज मागता येईल. सिबिलमध्ये, म्हणजे बँका बघतात त्या कर्जफेडीच्या नोंदीत, तुरुंगवासाची नोंद नसते; आत जाण्याआधीचं थकलेलं कर्ज असेल तर ते मात्र दिसतं. तेवढं तपासून घ्या.

नव्वदातले 50,000 एफडीत टाका, नॉमिनी आई. वर्षाला 20 रुपयांचा पंतप्रधान सुरक्षा विमाही (अपघात विमा) बचत खात्यातून सुरू करा.

गाडीच चालवायची असेल तर मालवाहू टेम्पोचा विचार करा. मालासकट एकूण 7,500 किलोपर्यंतच्या गाडीला साधं एलएमव्ही (हलक्या वाहनाचं) लायसन पुरतं, 2024 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं ते कायम केलंय. मार्केट यार्डात कांद्याची आवक वाढली की टेम्पोवाल्यांना चालक लागतात. सुट्टीच्या दिवशी दुसऱ्याची गाडी रोजावर चालवून बघा. डिझेल आणि दुरुस्ती जाऊन मालकाच्या हातात काय उरतं ते वहीत टिपा आणि तो आकडा मला कळवा.