प्रत्यक्षदर्शी साक्षीदार नसताना चालकाचा निष्काळजीपणा कसा सिद्ध करावा

आपल्या प्रश्नावरून समजलेली हकीकत अशी: गोव्यातल्या तिस्क-उसगावजवळ आपल्या धाकट्या भावाच्या दुचाकीला मागून आलेल्या टिप्परने धडक दिली, पायाचे हाड मोडून तो गोमेकॉत (गोवा वैद्यकीय महाविद्यालयाच्या रुग्णालयात) दाखल झाला, घटना पाहणारे कोणी पुढे येत नाही, आणि भावाकडे केवळ शिकाऊ परवाना असल्याने चूक त्याचीच धरली जाईल, असे विमा कंपनीचा माणूस सांगतो. हे ऐकून दाव्याचा विचार सोडू नका.

मोटार वाहन कायद्याच्या कलम 166 खाली भरपाई मागताना समोरच्या चालकाची चूक दाखवावी लागते, हे खरे. परंतु ती फौजदारी खटल्याप्रमाणे निःसंशय सिद्ध करावी लागत नाही. दोन्ही बाजूंच्या कथनांपैकी अधिक संभाव्य कोणते, एवढेच मोटार अपघात दावा न्यायाधिकरण (असे दावे ऐकणारे न्यायालय) पाहते. गोव्यातल्याच एका अपघाताच्या प्रकरणात 2013 साली सर्वोच्च न्यायालयाने हेच सांगून खालच्या न्यायालयांनी नाकारलेला दावा मान्य केला होता. त्यामुळे फौजदारी खटल्यात चालक निर्दोष सुटला तरी तेवढ्याने दावा बुडत नाही.

साक्षीदार नाही, असे आपण लिहिता. पण आपला भाऊ स्वतःच साक्षीदार आहे. त्याची साक्ष सुसंगत असेल आणि कागदपत्रांशी जुळत असेल, तर तिला पुष्कळ वजन मिळते. म्हणून सर्वांत आधी गोमेकॉच्या दाखल-कागदांवर अपघाताचे कारण काय नोंदले आहे ते पाहा. घाबरलेल्या नातेवाइकाने किंवा सोबत आलेल्या अनोळखी माणसाने ‘घसरून पडला’ असे सांगितलेले असते, डॉक्टर तसेच लिहून घेतात, आणि पुढे उलटतपासणीत त्याच एका ओळीवर भर दिला जातो. तशी नोंद असेल तर ती कोणी, कोणत्या परिस्थितीत सांगितली, हे भावाच्या प्रतिज्ञापत्रातच स्पष्ट करावे.

त्यानंतर घटनास्थळाचा पंचनामा आणि त्यासोबतचा नकाशा मिळवा. रस्त्याची रुंदी, ब्रेकच्या खुणा, काचा पडलेली जागा, दोन्ही वाहने रस्त्याच्या मध्यापासून किती अंतरावर थांबली होती, या नोंदी मला बोलक्या साक्षीदारापेक्षाही विश्वासार्ह वाटतात. पावसाळ्यात खुणा तासाभरात धुऊन जातात, म्हणून घरच्यांनी किंवा मित्रांनी त्याच दिवशी काढलेली छायाचित्रे असतील तर ती मूळ फोनमधून पुसू नका. वाहतूक खात्याच्या निरीक्षकाचा वाहन-तपासणी अहवाल तर आपल्या प्रकरणात निर्णायक ठरू शकतो, कारण टिप्परचा पुढचा भाग आणि दुचाकीचा मागचा भाग चेपलेला असल्यास भाऊ बगलरस्त्यावरून अचानक आडवा आला, असा बचाव समोरच्याने घेतला तरी तो टिकणे कठीण. जवळच्या दुकानांतील सीसीटीव्ही चित्रण थोड्या दिवसांतच पुसले जाते. ते ताब्यात घेण्याची लेखी विनंती आजच पोलिस ठाण्यात द्या आणि पोच घ्या.

1 एप्रिल 2022 पासूनच्या नियमांनुसार पोलिसांनी पहिला अपघात अहवाल 48 तासांत आणि सविस्तर अहवाल 90 दिवसांत न्यायाधिकरणाकडे पाठवायचा असतो. तो गेला का, हे विचारण्याचा आपणांस पूर्ण अधिकार आहे. तरीही त्यावर विसंबून न राहता आपला अर्ज अपघातापासून सहा महिन्यांच्या आत दाखल करावा.

परवान्याबाबत कंपनीच्या माणसाने सांगितलेले चूक आहे. परवाना नसणे हा गुन्हा असू शकतो, पण केवळ तेवढ्यावरून अपघातातील निष्काळजीपणा ठरत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने 2008 मध्ये म्हटले आहे. त्या उणिवेमुळेच अपघात घडला, हे समोरच्याने दाखवावे लागते. शिकाऊ परवान्यालाही हाच तर्क लागू होतो.

एका कागदावर मात्र घाईने सही करू नका. कलम 164 खाली चूक सिद्ध न करताही गंभीर दुखापतीसाठी अडीच लाख रुपये मिळतात, आणि तीच रक्कम कंपनी तडजोड म्हणून पुढे करू शकते. ती स्वीकारली की कलम 166 खालचा दावा संपुष्टात येतो. भावाच्या पायाला कायमचे अपंगत्व येणार असेल, तर ही रक्कम फारच अपुरी आहे. अपंगत्वाचा दाखला हाती येईपर्यंत थांबा.

सुनावणीत टिप्परचा चालक साक्षीसाठी उभा राहतो का, याकडे वकिलांचे लक्ष वेधा. लेखी कैफियतीत सगळा दोष दुचाकीस्वारावर टाकून चालक उलटतपासणीला सामोराच गेला नाही, तर त्याच्याविरुद्ध निष्कर्ष काढण्याची मागणी वकिलांनी युक्तिवादात स्पष्ट शब्दांत करावी.