मेपल सिरप घरी बनवता येतं का? आणि दुकानात ते इतकं महाग का?

बनवता येतं. मी कॅनडात ओंटारियोत वॉटर्लूजवळ राहते, मागच्या अंगणात जुनी शुगर मेपलची झाडं आहेत आणि दर मार्चमध्ये मी बनवते. महाग का, तर मेपलच्या खोडाला भोक पाडून ठिबकणारा साधारण 40 लिटर रस आटवला की 1 लिटर सिरप हातात येतं. रसात साखर जेमतेम 2 टक्के, तयार सिरपमध्ये 66, मधलं सगळं पाणी जाळायचं. त्यामुळे "साखरपाण्याचे एवढे पैसे कसले घेतात" असं जे तुम्ही लिहिलंय ते मला अजिबात पटलं नाही.

अगदी हेच वाक्य माझे मोठे दीर बोलले होते. रस पडत होता तेव्हाच ते आणि जाऊबाई राहायला आले, रात्री शून्याखाली आणि दिवसा चार-पाच डिग्री, म्हणजे रसासाठी एकदम बरोब्बर हवा, अंगणात विटांच्या चुलीवर पसरट स्टीलचं भांडं सकाळपासून उकळत होतं. भाऊजींनी बादलीतला रस चाखला आणि सगळ्यांसमोर म्हणाले, हे तर पाणीच आहे, यापेक्षा इंडियन ग्रोसरीतून काकवी आण. आता काकवी मला कोणी शिकवू नये, माझ्या माहेरी कोल्हापूरकडे गुऱ्हाळ होतं, भेंडीचं पाणी घालून मळी वर आणताना मी लहानपणापासून बघितलंय. पण उसाच्या रसात साखर याच्या सात-आठ पट असते आणि ऊस वर्षा-दीड वर्षात तोडायला येतो. मेपलच्या झाडाला भोक पाडण्याजोगं व्हायला 40 वर्षं लागतात! संध्याकाळी फेस वर यायला लागला की लोण्याचा एक कण टाकायचा, लगेच खाली बसतो. शेवटी थर्मामीटर 104 ला टेकला आणि उलथन्यावरून थेंब पडायचे थांबून पडद्यासारखं ओघळायला लागलं की झालं, मग गरम असतानाच जाड फेल्टमधून गाळायचं, नाहीतर तळाला बारीक रेती बसते. हे सगळं भाऊजींनी उभं राहून बघितलं आणि दुसऱ्या दिवशी नाश्त्याला स्वतःच्या पिशवीतून टेबल सिरपची प्लास्टिकची बाटली काढली, म्हणे चव तीच. मी लेबल मोठ्याने वाचून दाखवलं, कॉर्न सिरप, रंग, फ्लेवर, मेपलचा एक थेंब नाही. तरी म्हणे चव तीच.

तीच नाही. नुसतं साखरपाणी असतं तर 2011-12 मध्ये कॅनडाच्याच क्वेबेक प्रांतातल्या गोदामातून जवळजवळ 3000 टन सिरप कोणी चोरलं असतं का? पिंपं रिकामी करून काहींत पाणी भरून ठेवलं होतं, माल 1 कोटी 80 लाख डॉलरच्या आसपासचा होता. जगातलं 70 टक्के सिरप त्या एका प्रांतातून येतं. आणि ही विद्या गोऱ्यांची नाहीच, अनिशिनाबे वगैरे इथले मूळ लोक गोरे यायच्या आधीपासून मेपलची साखर करतायत. भाऊजींना हेही सांगून झालंय.

तुमचा मुलगा इथेच टोरांटोजवळ मिसिसागात आहे आणि घरामागे मेपल आहे म्हणताय, तर आधी उन्हाळ्यात पानाचा देठ मोडून बघायला सांगा, पांढरा चीक आला तर तो नॉर्वे मेपल, शहरात तोच जास्त लावलेला असतो, त्याच्या रसात साखर आणखी कमी. खोड फूटभर तरी जाड हवं. 8 मिलिमीटरचं भोक, 4-5 सेंटीमीटर खोल, किंचित वरच्या दिशेने म्हणजे रस बाहेर ओघळतो, पुढच्या वर्षी जागा बदलायची. कळ्या फुगल्या की बंद, नंतरच्या रसाला वाईट वास येतो. सुरुवातीचं सिरप सोनेरी होतं, शेवटचं काळपट, मला काळपटच आवडतं.

हो आणि किचनमध्ये आटवू नका, वाफेने भिंती चिकट होतात. फूटपाथजवळचं झाड असेल तर ते बहुतेक सिटीचं असतं, आधी विचारा. जुन्या बाजारातल्या पत्र्याच्या बादल्या अजिबात घेऊ नका, त्यांच्या डाखात शिसं असू शकतं.