लोकसभा कधीच न जिंकलेले जेटली मोठे मंत्री कसे? वकिलीतून तसं मंत्री होता येतं का, की तो मागचा दरवाजा?

मागच्या दरवाजाचं आधी बोलतो, कारण हे तुणतुणं ऐकून कान किटलेत. २०१४ला अमृतसरमध्ये अमरिंदर सिंगांनी अरुण जेटलींना लाखाहून जास्त मतांनी पाडलं, हे खरं. पण मंत्री दोन्हीपैकी एका सभागृहाचा सदस्य असला की घटनेला पुरतं. मनमोहन सिंग दहा वर्षं पंतप्रधान होते तेही राज्यसभेतूनच. माणूस कुठल्या दारानं आला यापेक्षा आत येऊन त्यानं काय केलं ते बघा.

अर्थमंत्री म्हणून त्यांनी आणलेला जीएसटीच घ्या. माल खपतो तिथे कर जमा होणार म्हटल्यावर महाराष्ट्र, गुजरात, तमिळनाडू ही माल बनवणारी राज्यं धास्तावली. २०१४च्या विधेयकात त्यांच्यासाठी एक टक्का जादा कर ठेवला होता. तो करावर कर चढवणारा होता, २०१६मध्ये काढून टाकला. त्याऐवजी भरपाई आली: २०१५-१६चं उत्पन्न पाया, दरवर्षी १४ टक्के वाढ गृहीत, पाच वर्षं हमी. आणि ही हमी कायद्यात लिहून दिली. केंद्रीय विक्रीकर कमी केला तेव्हाची भरपाई रखडली होती, त्यामुळे नुसत्या शब्दावर राज्यं हलणार नव्हती. समोरच्याला नेमकी कशाची भीती आहे ते ओळखून त्यावर कलम लिहून देणं, हे वकिलाचंच काम.

केंद्र आणि राज्यं मिळून जीएसटीचे निर्णय घेतात त्या जीएसटी परिषदेतल्या मतदानाचा हिशोब बघा, घटनेचं कलम २७९अ. केंद्राच्या मताचं वजन एक तृतीयांश, सगळ्या राज्यांचं मिळून दोन तृतीयांश, ठरावाला तीन चतुर्थांश हवेत. म्हणजे सगळी राज्यं एक झाली तरी केंद्राशिवाय ठराव होत नाही. सुरुवातीला दिल्ली, पुदुच्चेरी धरून राज्यांचे ३१ सदस्य होते. सगळे हजर असतील तर केंद्राला त्यातले २० लागत, १२ जण अडले की ठराव पडला. एवढं हत्यार हाताशी असून जेटलींनी एकदाही मतदान घेतलं नाही, सगळं सहमतीनं. पहिलं मतदान झालं डिसेंबर २०१९मध्ये, लॉटरीच्या करावर. तोवर ते जाऊन चार महिने होत आले होते. मुंबईची जकात १ जुलै २०१७ला बंद पडली ती याच सहमतीतून.

आता तुमचं. जेटलींचा क्रम असा: १९७४ला दिल्ली विद्यापीठ विद्यार्थी संघाचे अध्यक्ष, आणीबाणीत १९ महिने तुरुंग, मग वकिली, १९८९ला अतिरिक्त सॉलिसिटर जनरल, म्हणजे कोर्टात केंद्र सरकारची बाजू मांडणारे वकील, १९९०ला ज्येष्ठ वकील. ऑक्टोबर १९९९मध्ये राज्यमंत्री, राज्यसभा त्यानंतर एप्रिल २०००मध्ये. मंत्री झाल्यावर सहा महिन्यांत सदस्य व्हावं लागतं, ते असं बसवलं. त्याच वर्षी कायदा खात्याचे कॅबिनेट मंत्री. म्हणजे आधी संघटना, मग कोर्ट, मग खुर्ची. हा क्रम उलटा करणारे बहुतेक वाटेतच गळतात.

पक्षाला तुमची गरज टीव्हीवर नंतर लागते, आधी लागते उमेदवारी अर्जांच्या छाननीला. नमुना २६चं प्रतिज्ञापत्र, म्हणजे उमेदवाराची मालमत्ता आणि गुन्ह्यांची माहिती, रकाना रकाना तपासा. सांगण्यासारखं काही नसेल तिथे 'निरंक' किंवा 'लागू नाही' लिहा, रकाना कोरा सोडला की अर्ज बाद होऊ शकतो. निकालाला आव्हान द्यायचं तर निवडणूक याचिका ४५ दिवसांत उच्च न्यायालयात. ४६व्या दिवशी उशीर माफ होत नाही, मुदतीचा कायदा तिथे मदतीला येत नाही. हे चोख करणारा वकील जिल्ह्यात दुर्मीळ असतो, आणि उमेदवार त्याला विसरत नाही. पगारी नोकरी मात्र धरू नका, वकिलीची सनद स्थगित करावी लागते. खासदार, आमदार वकिली करू शकतात, सर्वोच्च न्यायालयानं २०१८ला ते मान्य केलंय. मंत्री करू शकत नाही.

एक गोष्ट जेटलींच्या खात्यावर लिहावीच लागेल. कायद्यातल्या फटी माहीत असलेला माणूस त्या वापरतोही. आधार कायदा धन विधेयक म्हणून नेला, म्हणजे राज्यसभेला फक्त सुचवता येतं, अडवता येत नाही असं विधेयक. आणि निवडणूक रोख्यांची, म्हणजे नाव उघड न करता पक्षांना देणगी देण्याची, वाट २०१७च्या तशाच वित्त विधेयकातून काढली. ते रोखे सर्वोच्च न्यायालयानं फेब्रुवारी २०२४मध्ये घटनाबाह्य ठरवले. पण याचं खापरही मागच्या दरवाजावर फुटत नाही. कंपन्यांच्या देणग्यांवरची मर्यादा कायम ठेवा, अशी दुरुस्ती त्या विधेयकावर राज्यसभेनं मंजूर केली होती. ती फेटाळली थेट निवडून आलेल्या लोकसभेनं.