बर्फाखालचा समुद्र आणि अकरावीचं गणित

चोपडा तालुक्यातून एका केळी उत्पादक वडिलांचं पत्र आलं आहे. थोडक्यात असं: "मुलगी अकरावी सायन्सला आहे. दहावीला ९१ टक्के होते. नीट नाहीतर फार्मसी असं घरात ठरलं, म्हणून गणित सोडून बायोलॉजी घेतली. आता शनीच्या एका बर्फाळ चंद्रावर यान पाठवायचा विचार चालू आहे असं तिने वाचलं आणि तेव्हापासून मला हेच शिकायचंय म्हणते. तिची आजी विचारते, तठे कोन ऱ्हास? सर, यात पोट भरेल का? की हा नाद सोड म्हणून सांगू?"

भाऊ, नमस्कार.

नाद सोडायला सांगू नका. पोटाचं पुढे बोलतोच, आधी आजींच्या "तिथे कोण राहतं?" या प्रश्नाकडे येऊ. यान पाठवायचं ते नेमका तोच प्रश्न घेऊन.

त्या चंद्राचं नाव एन्सेलॅडस. व्यास साधारण ५०० किलोमीटर, म्हणजे जळगाव ते मुंबई रस्त्यापेक्षा थोडा जास्त. वरून सगळा बर्फ, आणि त्याखाली खारट पाण्याचा समुद्र. सूर्यापासून इतक्या लांब पाणी गोठत का नाही? कुंपणाची तार हाताने तोडायची असेल तर आपण ती एकाच जागी पुढे-मागे वाकवतो. मोडायच्या आधी ती जागा बोटाला गरम लागते, हे तुम्ही शेकडो वेळा अनुभवलं असेल. एन्सेलॅडस शनीभोवती ३३ तासांत एक फेरी मारतो, आणि या फेरीत शनीची ओढ कधी कमी, कधी जास्त होते. त्यामुळे अख्खा चंद्र त्या तारेसारखा सतत पिळला जातो आणि आतून गरम राहतो.

त्याच्या दक्षिण ध्रुवाजवळ बर्फाला लांबच लांब भेगा आहेत. त्यांतून वाफ आणि बर्फाचे कण फवाऱ्यासारखे बाहेर उडतात, हे २००५ मध्ये शनीभोवती फिरणाऱ्या कॅसिनी यानाने पाहिलं. पुढे ते यान त्या फवाऱ्यांतून आरपार गेलं. त्यात क्षार सापडले, कार्बनची संयुगं सापडली, हायड्रोजन सापडला. २०२३ मध्ये जुनी मोजमापं पुन्हा तपासताना फॉस्फेटही मिळालं. म्हणजे तुमच्या भाषेत स्फुरद. नत्र, स्फुरद, पालाश यातलं स्फुरद कमी पडलं तर रोपाचं काय होतं, हे मी तुम्हाला काय सांगणार! जीवसृष्टीला लागणाऱ्या मालातला हा एक मोठा ऐवज तिथे आहे, एवढं कळलंय. तिथे कोणी जगतंय का, हे अजून कोणालाच माहीत नाही.

ते शोधायला युरोपीय अवकाश संस्थेच्या तज्ज्ञ समितीने २०२४ मध्ये एन्सेलॅडसला पहिली पसंती दिली. यान त्याच्याभोवती फिरेल, जमल्यास दक्षिण ध्रुवाजवळ उतरेलही. पण हा अजून प्रस्ताव आहे. उड्डाण २०४०च्या दशकात आणि पोहोचायला आणखी दहा-बारा वर्षं.

हे आकडे ऐकून तुम्ही पत्र बाजूला ठेवाल, म्हणून लगेच सांगतो: एवढा लांबचा काळ तुमच्या लेकीच्या फायद्याचा आहे. आज ती सोळा वर्षांची. उड्डाणाच्या वेळी तिशी-पस्तिशीत असेल, ऐन कामाच्या वयात. आणि तोवर हात बांधून बसायचं नाही. गुरूच्या बर्फाळ चंद्रांकडे दोन यानं आत्ताच निघालेली आहेत. २०२३ मध्ये निघालेलं ज्यूस २०३१ ला पोहोचेल, २०२४ मध्ये निघालेलं युरोपा क्लिपर २०३० ला. त्यांची माहिती यायला लागेल तेव्हा ती एम.एस्सी.च्या टप्प्यावर असेल. ती माहिती वाचणारी माणसं तेव्हा लागणारच.

आता शिकायचं काय? "अंतराळ विज्ञान" असं नाव लावलेले सर्टिफिकेट कोर्स आणि हजारो रुपये फी घेणारी शिबिरं यांच्यामागे जाऊ नका. माझ्याकडे येणाऱ्या एका मुलाच्या घरच्यांनी अशा कोर्ससाठी कापसाचे पैसे घातले. हातात रंगीत कागद आला, प्रवेशाला त्याचा काडीचा उपयोग झाला नाही. फिजिक्स, केमिस्ट्री, भूशास्त्र, सूक्ष्मजीवशास्त्र, इलेक्ट्रॉनिक्स यांपैकी एक विषय पक्का करा. बर्फाळ चंद्रांच्या कामात हे सगळेच लागतात. आणि चंद्राचा योग नाही आला तरी तो विषय आयुष्यभर जेवू घालतो.

पहिला रस्ता आयसरचा, म्हणजे केंद्राच्या विज्ञान शिक्षण आणि संशोधन संस्थेचा. पुण्यात आहे, पदवी आणि पदव्युत्तर मिळून पाच वर्षांचा बीएस-एमएस. प्रवेश परीक्षेत फिजिक्स, केमिस्ट्री, गणित, बायोलॉजी या चारही विषयांचे प्रश्न असतात. दुसरा रस्ता तिरुवनंतपुरमच्या आयआयएसटी या अंतराळ विज्ञान आणि तंत्रज्ञान संस्थेचा, तो इंजिनीअरिंगचा, जेईई अ‍ॅडव्हान्समधून. तिसरा साधा आणि घराजवळचा: जळगावच्या आपल्या विद्यापीठाच्या एखाद्या कॉलेजातून चांगली बी.एस्सी., मग जॅम परीक्षा देऊन आयआयटीत एम.एस्सी. हा तिसरा रस्ता कमी दर्जाचा मानू नका. बी.एस्सी.ची तीन वर्षं मन लावून केली तर तो थेट अहमदाबादच्या भौतिकी संशोधन प्रयोगशाळेपर्यंत जातो, आणि ग्रहविज्ञानाचं काम तिथे चालतं.

पैशाचं. बोर्डात वरच्या एक टक्क्यात आली आणि मूलभूत विज्ञानाला गेली तर केंद्राच्या इन्स्पायर योजनेत वर्षाला ८०,००० रुपये मिळू शकतात. पुढे नेट परीक्षेत जेआरएफच्या, म्हणजे संशोधन फेलोशिपच्या, यादीत आली तर पीएच.डी. करताना महिन्याला ३७,००० रुपये. नुसतं नेट पास होऊन ते मिळत नाहीत. ती मिळाली तर एम.एस्सी.नंतर तिचा भार तुमच्यावर राहणार नाही. मात्र कायमची नोकरी लागायला तिशी उजाडते. फार्मसीवाल्या मैत्रिणी तोवर कमावत्या झालेल्या असतील, नातेवाईक बोलतील. त्याची तयारी तुम्हा दोघांची हवी.

अजून एक गोष्ट तिला आत्ताच माहीत असू द्या. नासातल्या सरकारी नोकरीला अमेरिकेचं नागरिकत्व लागतं आणि युरोपीय संस्था मुख्यतः आपल्या सदस्य देशांतली माणसं घेते. पण मोहिमांवरच्या उपकरणांचं आणि अभ्यासाचं बरंचसं काम विद्यापीठांत होतं. तिथे पीएच.डी.साठी, त्यानंतरच्या संशोधनासाठी आपली मुलं जातात, पासपोर्ट भारताचा ठेवूनच.

एक काम तुमच्याकडे. अडावदजवळचं उनपदेव, ते गरम पाण्याच्या झऱ्याचं देवस्थान, तुम्हाला घरासारखंच. यंदा गेलात तर दर्शन झाल्यावर लेकीला तिथे तासभर मोकळं सोडा. सोबत थर्मामीटर आणि लिटमस कागद द्या. गोमुखातून पडणारं पाणी किती गरम, दहा पावलांवर किती, दगडावरचा शेवाळाचा थर कुठून सुरू होतो, त्याचा रंग कुठे बदलतो, हे सगळं तारखेसह वहीत लिहू दे. एन्सेलॅडसच्या समुद्राच्या तळाशीही गरम पाण्याचे झरे असावेत, असं शास्त्रज्ञ मानतात. गरम पाण्यात कोण तग धरतं, हा प्रश्न दोन्हीकडे एकच. ती वही घेऊन ती माझ्याकडे आली तर मला फार आनंद होईल.

आणि गणित. वरचे तिन्ही रस्ते त्याच्यावरून जातात. बायोलॉजी राहू द्या, गणित जोडून घ्या. विषय बदलाचा अर्ज घेऊन सोमवारीच कॉलेजात जा, प्राचार्यांना भेटा. सुटलेले धडे दिवाळीपर्यंत भरून निघतील. तिला जड गेलं तर कळवा, चोपड्यात गणित शिकवणारे माझ्या ओळखीचे एक सर आहेत, त्यांच्याशी बोलतो.